चाकोरीबाहेरच्या शहराचे फोटो: नव्या छायापत्रकारासाठी पायरीपायरीने

प्रत्येक मोठ्या शहरात काही माणसं त्या शहराच्या वेळापत्रकात बसत नाहीत. मध्यरात्रीनंतर तालमीला जमणारे बँडवाले, पदरमोड करून कवितांची पुस्तिका छापणारे आणि ती हातोहात वाटणारे, बंद गोदामात नाटक बसवणारे, घरच्यांनी नाकारलं म्हणून एकमेकांनाच घर मानणारे. त्यांचे फोटो काढायला अनेक जण उत्साहाने निघतात आणि थोड्याच महिन्यांत थांबतात. अडचण बहुतेक वेळा कॅमेऱ्याची नसते. कुठे जायचं, कोणाला विचारायचं, काढलेले फोटो कोणाला द्यायचे, पैसे कुठून येणार, हे त्यांना कोणी सांगितलेलं नसतं. मी या कामात बरीच वर्षं आहे. जे मला दहा जणांना विचारत गोळा करावं लागलं, ते इथे क्रमाने मांडतो.

एक गोष्ट आधीच सांगतो, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. या कामात पुन्हा पुन्हा त्याच जागी जावं लागतं आणि जे टिपलं त्याची नोंद ठेवावी लागते. न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमध्ये फ्रेड मॅक्डॅरा यांनी बीट कवी (१९५०च्या दशकातले रूढी झुगारणारे कवी), चित्रकार, गिटार घेऊन आलेली पोरं वर्षानुवर्षं टिपली. १९५५ साली सुरू झालेल्या ‘व्हिलेज व्हॉइस’ या साप्ताहिकाचे ते पहिले नोकरीतले छायाचित्रकार. जून १९६९मध्ये समलिंगी लोक जमायचे त्या स्टोनवॉल इन या बारवर पोलिसांचा छापा पडला, लोक रस्त्यावर उतरले, आणि त्या दिवसांत बारबाहेर जमलेल्या तरुणांचे मॅक्डॅरांनी काढलेले फोटो आज समलिंगी हक्कांच्या इतिहासात सर्रास वापरले जातात. साप्ताहिकाचं कार्यालय तिथून काही पावलांवर होतं. बातमी घडली तेव्हा त्यांना जागा शोधावी लागली नाही, ओळख करून घ्यावी लागली नाही. तुमची तयारीही अशीच हवी.

१. अख्खं शहर सोडा, एक जागा धरा

‘शहराची प्रतिसंस्कृती’ हा विषय फोटोत मावत नाही. एक तळघर, एक चहाची जागा, एक छापखाना, एक बार मावतो. स्वीडनचे अँडर्स पीटर्सन यांनी १९६७पासून हॅम्बर्गमधल्या कॅफे लेमिट्झ या एकाच बारमध्ये काम केलं. एड फान डर एल्स्केन १९५० साली नेदरलँड्समधून पॅरिसला आले आणि साँ-जर्मेन-दे-प्रे भागात कॅफेंत दिवस काढणाऱ्या तरुणांच्या एका टोळक्याला धरून राहिले. दोघांचंही काम आज पाहिलं जातं ते या चिवटपणामुळे.

जागा निवडताना तीन प्रश्न विचारा. तिथे दर आठवड्याला तीच माणसं येतात का? रात्री उशिरा तुम्ही सुखरूप घरी पोहोचू शकता का? आणि ती जागा तुम्हाला खरोखर आवडते का? तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर ‘नाही’ असेल तर दुसरीकडे बघा. न आवडणाऱ्या माणसांमध्ये माणूस फार दिवस टिकत नाही, आणि टिकला तर फोटोंत तुच्छता उतरते.

२. पहिल्या काही भेटी कॅमेऱ्याविना

रिकाम्या हाताने जा. कार्यक्रम ऐका, पुस्तिका विकत घ्या, तिकीट असेल तर तिकीट काढा. फुकट प्रवेश मागू नका. ज्यांच्या हंडीत चिल्लर जमते त्यांच्याकडून सवलत घेणं बरं दिसत नाही. खुर्च्या उचलायला, ध्वनियंत्रणेच्या वायरी गुंडाळायला हात लावा.

मग जागा चालवणाऱ्याला आणि एखाद-दोन जुन्या माणसांना सरळ सांगा: मी कोण, कशासाठी फोटो काढणार, ते कुठे दिसू शकतील, आणि पैसे कोण देतंय. ‘कोणी देत नाही’ हे उत्तर असेल तर तेही सांगा. या मंडळींना पत्रकारांनी फसवलेलं असण्याची शक्यता बरीच आहे. कोणीतरी आलं, एक रात्र राहिलं, आणि ‘व्यसनाधीन तरुणाई’ असा मथळा छापून गेलं. तो राग तुमच्यावर निघेल. निघू द्या, शांतपणे ऐका, वाद घालू नका. पुढच्या आठवड्यात पुन्हा हजर राहणं हेच त्यावरचं उत्तर.

इथला एक नेहमीचा सापळा म्हणजे गटातल्या सर्वांत बोलक्या माणसाला चिकटणं. तो तुम्हाला सगळीकडे फिरवतो, सगळ्यांशी ओळख करून देतो, आणि त्याचं ज्यांच्याशी बिनसलेलं असतं ती दारं कायमची बंद होतात. मैत्री ठेवा, पण स्वतःच्या ओळखी स्वतः करा.

३. साधनं थोडी, पण अंधारात चालणारी

मोठी बॅग घेऊन गेलात की तुम्ही पाहुणे ठरता. एवढं पुरतं:

- कॅमेऱ्याची एक बॉडी, आवाज कमी करणारी. कवितावाचनाच्या मधोमध शटर वाजलं की सगळे वळून बघतात.
- ३५ मिलिमीटरची प्राइम (झूम न होणारी) लेन्स, एफ २ किंवा त्याहून मोठ्या ॲपर्चरची, म्हणजे जास्त उजेड आत घेणारी. अरुंद खोलीत माणूस आणि त्याची भिंत दोन्ही फ्रेममध्ये येतात. ५० मिलिमीटरची खिशात असली तर उत्तम.
- दोन जादा बॅटऱ्या, दोन कार्डं.
- छोटी वही आणि पेन. फोन चालतो, पण अंधारात त्याचा उजेड चेहऱ्यावर पडतो आणि लोकांना वाटतं तुम्ही चॅट करताय.
- कानात घालायचे इअरप्लग. तळघरातल्या ड्रम्सनी कान कायमचे बिघडतात.

एका बल्बच्या उजेडात आयएसओ (कॅमेऱ्याची उजेडाबद्दलची संवेदनशीलता) ३२००, एफ २, शटर १/६० इथून सुरुवात करा आणि मग फिरवा. गायक हलत असेल तर १/१२५ तरी हवं. आयएसओ वाढवा, दाणे दिसू द्या. हललेला चेहरा नंतर दुरुस्त होत नाही, दाण्यांनी कोणाचं काही बिघडत नाही. फिल्मवाले चारशेची कृष्णधवल फिल्म सोळाशेला वापरतात आणि डेव्हलप करताना वेळ वाढवतात. सावल्यांतला तपशील जातो, हे गृहीत धरूनच.

एलईडी दिव्यांची एक कटकट आहे. फोटोवर आडवे काळे पट्टे येतात, कारण दिवा आपल्याला न कळता लुकलुकत असतो. वीजपुरवठा ५० हर्ट्झचा असेल तिथे १/५० किंवा १/१००, ६० हर्ट्झचा असेल तिथे १/६० किंवा १/१२० शटर ठेवून बघा. इलेक्ट्रॉनिक शटरने हे पट्टे वाढतात, तेव्हा गोंगाट असेल तिथे मेकॅनिकल वापरा आणि शांततेतच इलेक्ट्रॉनिककडे वळा.

फ्लॅशबद्दल मत द्यायचं तर: ओळख होईपर्यंत नाही. ब्रासाई यांनी १९३०च्या सुमारास रात्रीचं पॅरिस टिपलं ते काचेच्या प्लेटा आणि तिकाटणं घेऊन, एक्स्पोजर किती वेळ द्यायचं हे पेटवलेल्या सिगारेटवर मोजत. हाताशी जे होतं त्याचा त्यांनी अंदाज बसवला होता. नवी बॉडी घेण्याआधी आहे त्या कॅमेऱ्यावर तुमचा हात अंधारात न बघता चालतो का, ते तपासा.

४. परवानगी: इथे सर्वांत जास्त वेळ द्या

नवखे लोक एकदाच विचारतात, ‘फोटो काढू का?’ त्या एका प्रश्नात तीन प्रश्न दडलेले असतात आणि ते सुटे करून विचारावे लागतात. काढू का? छापू का? नावासकट छापू का?

नाच रंगात असताना ‘हो’ म्हणणारी मुलगी दिवसा एखाद्या शाळेत शिकवत असू शकते. प्रियकराच्या खांद्यावर डोकं टेकलेल्या मुलाच्या घरी काहीच ठाऊक नसेल. तुमच्या एका फोटोने त्याचं घर, नोकरी, कधीकधी जीवही धोक्यात येतो. म्हणून छापण्याची परवानगी दुसऱ्या दिवशी, दारू उतरल्यावर, फोटो समोर ठेवून मागा. माझ्या वहीत प्रत्येक नावापुढे खुणा असतात: एक टिंब म्हणजे फक्त काढायला हरकत नाही, दोन टिंबं म्हणजे छापायला, तीन म्हणजे नावासकट. टिंब नसेल तो फोटो माझ्या संगणकाबाहेर जात नाही.

मागच्या टेबलावरच्या माणसांना विसरू नका. तुम्ही ज्याला विचारलं त्याच्या खांद्यामागे ओळखू येणारा दुसरा चेहरा हाच घात करतो. अल्पवयीन कोणी असेल तर पालकांच्या लेखी परवानगीशिवाय काहीच नाही. आणि फोटो ऑनलाइन टाकण्यापूर्वी फाइलमधली जीपीएस माहिती काढून टाका. लपूनछपून चालणाऱ्या जागेचा पत्ता तुमच्या फाइलमधून फुटायला नको.

सुझन मायसेलस यांनी १९७०च्या दशकात अमेरिकेतल्या जत्रांमध्ये कपडे उतरवण्याचे खेळ करणाऱ्या स्त्रियांचे फोटो काढले. त्या कॉन्टॅक्ट शीट (एकाच कागदावर सगळ्या निगेटिव्हचे छोटे प्रिंट) घेऊन त्यांच्याकडे परत जात, कोणते फोटो त्यांना पटतात ते विचारत, आणि त्यांचं बोलणं ध्वनिमुद्रित करत. आज आपण टॅबवर तेच सहज करू शकतो. दाखवल्यावर काही उत्तम फोटो हातचे जातात, हे खरं आहे. जाऊ द्या. ज्या माणसाचा फोटो तुम्ही त्याच्या सांगण्यावरून बाजूला ठेवलात, तोच पुढे तुम्हाला आतल्या खोलीत नेतो.

कायद्याचं थोडक्यात: बातमीसाठी फोटो छापणं आणि जाहिरातीसाठी वापरणं यांत बहुतेक देशांत फरक केला जातो. जाहिरातीसाठी सहीचं संमतिपत्र लागतंच असं धरून चाला. सार्वजनिक जागी फोटो काढण्याचे आणि खासगीपणाचे नियम देशागणिक बदलतात, तेव्हा तुम्ही राहता तिथले नियम वकिलाकडून किंवा पत्रकार संघटनेकडून एकदा नीट समजून घ्या.

५. रंगमंचावरून नजर हटवा

गाणाऱ्याचा माइकसमोरचा फोटो प्रत्येकाकडे असतो. तुमच्याकडे त्याच्या आधीचे आणि नंतरचे तास हवेत.

ड्रम वाजवणारी मुलगी तालमीपूर्वी बोटांना पांढरी चिकटपट्टी गुंडाळते. तर्जनीला दोन वेढे, अंगठ्याला तीन, शेवटचा तुकडा दातांनी तोडते. पट्टीखाली जुन्या फोडांच्या पिवळट कडा दिसतात, आणि त्याच हातावर दुपारी भांडी घासताना भाजल्याचा ताजा चट्टा. या एका फ्रेममध्ये तिची कला आणि तिची रोजीरोटी दोन्ही येतात. असं काही दिसायचं तर तालमीच्या अर्धा तास आधी पोहोचावं लागतं.

टिपण्याजोगं आणखी: थकलेल्या भाड्याची नोटीस आणि तिच्या पाठीवर लिहिलेली गाण्यांची यादी. भिंतीवर एकावर एक चिकटवलेली पोस्टर्स. पुस्तिकांना स्टेपल मारणारी रांग. सामान जिन्यावरून उतरवणं. भांडणं. आजारपण. बैठकीत कोण स्वयंपाक करतं आणि कोण नुसतं बोलतं, हेही बघा. बंडखोर घरांतही भांडी बहुतेक बायकाच घासतात, आणि तो फोटो काढायचं धाडस ठेवा.

टाळायच्या गोष्टी दोन. गरिबीला नटवू नका: गळका नळ तुम्हाला सुंदर वाटत असेल, तिथे राहणाऱ्याला तो नको आहे. आणि ठरीव साच्यातली माणसं शोधू नका. १९६०च्या आसपास न्यूयॉर्कमध्ये दाढी आणि बेरे टोपी एवढीच ‘बीटनिक’ची ओळख उरली होती, मॅक्डॅरांनी तर मेजवान्यांसाठी बीटनिक भाड्याने मिळतील अशी जाहिरातच दिली आणि खरोखर मागण्या आल्या. चळवळीचा पोशाख होतो तो इतक्या लवकर. त्यात गैर काही नाही, पण पोशाखाचा फोटो काढताना तो पोशाख आहे हे तुम्हाला माहीत असावं.

६. त्याच रात्री नोंद करा

झोपण्यापूर्वी. सकाळपर्यंत निम्मी नावं पुसली जातात. ‘तरुण कवी, तळघर’ ही नोंद नव्हे. नोंद अशी हवी: तारीख, वार, वेळ, जागेचं नाव, डावीकडून उजवीकडे प्रत्येकाचं नाव, त्याने सांगितलेल्या स्पेलिंगसह, काय चाललं होतं, परवानगीची खूण, आणि एखादं वाक्य जे फोटोत दिसत नाही, जसं ‘हिचं या जागेतलं शेवटचं वाचन, महिनाअखेरीस जागा रिकामी करायची आहे’.

माणसं नाव बदलतात, टोपणनावाने राहतात, लिंग-ओळख बदलतात. त्यांना आज जे नाव चालतं तेच छापायचं. जुनं नाव फक्त तुमच्या वहीत, तेही त्यांनी ठेवू दिलं तर.

फाइलचं नाव तारखेने सुरू करा: वर्ष, महिना, दिवस, मग जागा, मग क्रमांक. नोंद फाइलच्या आत आयपीटीसीच्या (फोटोबरोबर माहिती साठवण्याची ठरलेली पद्धत) रकान्यांत भरा, म्हणजे फोटो कुठेही गेला तरी नाव बरोबर जातं.

७. फोटो परत द्या

पोस्टकार्डाएवढा कागदी प्रिंट. फोनवर पाठवलेला फोटो दोन दिवसांत वर सरकून जातो. कागद भिंतीवर टाचला जातो. पीटर्सन यांनी १९७० साली आपलं पहिलं प्रदर्शन कॅफे लेमिट्झमध्येच, बारच्या भिंतीवर भरवलं. ज्याने स्वतःला ओळखलं त्याने आपला फोटो काढून न्यावा, एवढाच नियम. प्रिंटचा खर्च साधनांच्या खर्चात धरा, लेन्सइतकाच तो गरजेचा आहे.

८. पोटापाण्याचं

या कामातून लगेच घर चालत नाही. फान डर एल्स्केन पॅरिसमध्ये डार्करूममध्ये काम करत होते, मॅक्डॅरा सुरुवातीला जाहिरातींच्या क्षेत्रात होते. तुम्हीही एखादं वेळेवर पगार देणारं काम धरा. शक्यतो असं, ज्यात रात्री मोकळ्या राहतात. लग्नाचे, उत्पादनांचे फोटो काढण्यात कमीपणा नाही.

साप्ताहिकं, पोर्टल, मासिकं यांच्या फोटो एडिटरकडे जाताना आठ ते बारा फोटो न्या, एकाच जागेचे, कॅप्शनसह. ‘माझ्याकडे हजारो आहेत’ हे ऐकून कोणी काम देत नाही. आणि होकार मिळाला की हे लेखी घ्या:

- मानधन किती, आणि कधी: छापल्यावर की दिल्यावर?
- हक्क कोणते? शक्य तिथे ‘एकदाच प्रकाशित करण्याचा हक्क’ एवढंच द्या. ‘सर्व हक्क कायमचे’ हे कलम दिसलं तर तिथेच थांबा.
- नाव फोटोखाली येणार का?
- तुमची कॅप्शन आणि मथळा बदलण्यापूर्वी विचारतील का? या विषयात चुकीचा मथळा तुमची सगळी ओळख एका दिवसात संपवतो, म्हणून हे कलम मी मानधनाइतकंच महत्त्वाचं मानतो.

स्वतंत्रपणे काढलेल्या फोटोचा स्वामित्वहक्क साधारणपणे काढणाऱ्याचा. नोकरीत असाल तर अनेक देशांत तो मालकाकडे जातो. बर्न करारात (स्वामित्वहक्काचा आंतरराष्ट्रीय करार) फोटोंना इतर कलाकृतींपेक्षा कमी, किमान २५ वर्षांचं संरक्षण सांगितलेलं आहे. बऱ्याच देशांनी प्रत्यक्षात ते पुष्कळ वाढवलं आहे. नोकरी घेताना निगेटिव्ह आणि मूळ फाइली कोणाच्या, हे पहिल्याच दिवशी ठरवा.

जवळ ठेवायची कागदपत्रं: ओळखपत्र, पत्रकार कार्ड किंवा संपादकाचं कामाचं पत्र, कॅमेऱ्याची पावती आणि सीरियल नंबर, विम्याची प्रत, कोरी संमतिपत्रं, एका वकिलाचा फोन नंबर कागदावर लिहिलेला.

९. पोलीस, मारामारी आणि तुमची तब्येत

छापा पडला तर कॅमेरा खाली, हात दिसतील असे, ओळखपत्र मागितल्यावरच. हळू बोला. कोणी फोटो पुसायला सांगितले तर जागच्या जागी पुसू नका आणि कार्डही देऊ नका. लेखी आदेश मागा, संपादकाला आणि वकिलाला कळवा. पुढे काय करायचं ते त्या देशाच्या कायद्यावर ठरतं. एकदा मागणी आली की नंतर घरी जाऊन फोटो नष्ट करणं हा वेगळा गुन्हा ठरू शकतो, म्हणून खबरदारी आधीच घ्या: अमली पदार्थ घेतानाचे ओळखू येणारे चेहरे मुळात टिपूच नका. कोणाचा फोटो कोणाविरुद्ध पुरावा म्हणून वापरला जाईल, ते तुमच्या हातात राहत नाही. फोन आणि लॅपटॉपला बोटाऐवजी लांब पासवर्ड.

कोणी नशेत बेशुद्ध पडलं, कोणाला मारहाण होतेय, कोणी जीव द्यायच्या गोष्टी करतंय, तर आधी मदत. फोटोचा विचार त्यानंतर, किंवा नाहीच.

तुमच्या स्वतःबद्दल: काम करताना पिऊ नका. त्यांना आवडतं म्हणून, आपलेपणा दाखवायला म्हणून, कशासाठीच नाही. गटात कोणाच्या प्रेमात पडलात तर त्यांचे फोटो प्रसिद्धीसाठी देणं थांबवा. आठवड्यातून दोन रात्री पूर्ण झोप ठरवून घ्या. आणि या जगाबाहेरचा एक मित्र असा ठेवा, ज्याला तुम्ही घरी पोहोचल्याचं रोज कळवता. मृत्यू बघावे लागतात या कामात, अकाली, ओळखीच्यांचे. त्यानंतर फोटो लगेच उघडू नका.

१०. पेटाऱ्याची काळजी

पेटारा म्हणजे तुमच्या फोटोंचा सगळा साठा. त्याच्या तीन प्रती, दोन वेगवेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक घराबाहेर. फिल्म असेल तर पॉलिप्रोपिलीन किंवा पॉलिएस्टरच्या पाऊचमध्ये. पीव्हीसीच्या पाऊचमधून निघणारे वायू निगेटिव्ह खातात. थंड, कोरडी जागा. पोटमाळा आणि तळघर दोन्ही वाईट.

दर वर्षाच्या शेवटी शंभरच्या आत फोटो निवडून त्यांचे प्रिंट करा आणि मागे पेन्सिलने नोंद लिहा. हार्ड डिस्क मरतात. अमेरिकेतल्या छायाचित्रकार व्हिव्हियन मायर यांचे निगेटिव्ह २००७ साली गोदामाचं भाडं थकल्यामुळे लिलावात गेले. २००९ साली मायर गेल्या, मग कोण, कुठे, कधी याची उत्तरं देणारं कोणी उरलं नाही आणि हक्कांवरून पुढे खटले झाले. हे टाळायला एक पानी पत्र पुरेसं आहे: पेटारा कोणाकडे जाईल, पासवर्ड कोणाकडे आहेत, कोणते फोटो कधीच उघडायचे नाहीत.

ग्रंथालय किंवा संग्रहालय पेटारा मागू लागलं तर देताना वहीही द्या, आणि करारात दोन कलमं घाला. एक, एका टिंबाचे आणि बिनटिंबाचे फोटो ठरावीक वर्षांपर्यंत बंद राहतील. दोन, फोटोतल्या कोणी स्वतः येऊन आपला फोटो सार्वजनिक यादीतून काढायला सांगितला, तर संस्था तो काढेल, आणि त्यासाठी त्याच्याकडे कारण मागणार नाही.